लॅमिंग्टन रोडला जायचंय? आधी फोन लावा

ताई, वडिलांचा जुना अ‍ॅम्प्लिफायर बंद पडलाय. इथल्या मेकॅनिकने आउटपुटचे दोन ट्रान्झिस्टर आणि ट्रान्सफॉर्मर गेल्याचं सांगितलं. सामान मुंबईत लॅमिंग्टन रोडलाच मिळेल म्हणाला. मला सुट्टी रविवारची. मोबाइलच्या नकाशावर तिथली एक-दोन दुकानं रविवारीही उघडी दिसतात. सिन्नरहून एका दिवसात जाऊन येता येईल का?
— एक वाचक, सिन्नर

दादा, रविवारी जाऊ नका. लॅमिंग्टन रोडचा, म्हणजे डॉ. दादासाहेब भडकमकर मार्गाचा, सुट्टीचा वार रविवार. एखादं मोबाइलच्या कव्हरांचं किंवा कॅमेऱ्याचं दुकान अर्धं शटर वर करून बसलेलं दिसेल, पण ट्रान्झिस्टर, कपॅसिटर, ट्रान्सफॉर्मर विकणारी जुनी दुकानं त्या दिवशी बंद असतात. शिवाय रविवारी लोकलचा मेगाब्लॉक. एक दिवस रजा टाका आणि मधल्या वारी जा. शनिवारही चालतो, फक्त गर्दी फार असते आणि काउंटरवरच्या माणसाला तुमच्याशी दोन शब्द बोलायला फुरसत नसते. तुमच्या कामाला ते दोन शब्द लागणार आहेत.

नकाशावरच्या वेळेबद्दल थोडं सविस्तर सांगते, कारण बाहेरगावची माणसं तिथेच फसतात. ती वेळ कधीतरी दुकानदाराने स्वतः भरलेली असते, कधी येणाऱ्या-जाणाऱ्या कुणीतरी सुचवलेली. दुकानदार काउंटर सांभाळतो, मोबाइलवरची माहिती बदलत बसत नाही. मालकाने स्वतः अलीकडे काही फोटो टाकले असतील, लोकांच्या प्रश्नांना उत्तरं दिली असतील, तर वेळ बरोबर असण्याची शक्यता जास्त. नसेल तर ती वेळ नुसता अंदाज समजा. नकाशाचा खरा उपयोग म्हणजे तिथे मिळणारा फोन नंबर.

फोन सकाळी दहाला करू नका. तिथली शटर्स साडेदहा-अकराच्या सुमारास वर जातात, मग झाडलोट, देवाची पूजा, आदल्या दिवशीच्या ऑर्डरी. साडेअकरा ते साडेबारा ही फोनची उत्तम वेळ. आणि फोनवर ‘दुकान उघडं आहे का?’ एवढंच विचारू नका, उत्तर ‘हो’ असंच येईल. विचारायचं असं: ‘हा माल आज दुकानात आहे की गोडाउनला?’ लॅमिंग्टन रोडची दुकानं इवलीशी असतात. बराचसा माल जवळपासच्या एखाद्या इमारतीतल्या गोडाउनमध्ये असतो. पोऱ्या जेवायला गेला असेल किंवा दुसरीकडे माल पोचवायला गेला असेल, तर ‘दोन तासांनी या’ असं ऐकावं लागतं. ग्रँट रोडला राहणाऱ्याला ते चालतं. सिन्नरच्या माणसाची गाडी चुकते.

म्हणून आदल्या दिवशी व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो पाठवा आणि माल काढून ठेवायला सांगा. ट्रान्झिस्टरच्या डोक्यावरचा नंबर पुसट झाला असेल, तर टॉर्च समोरून न धरता बाजूने, अगदी आडवी धरा. अक्षरं उठून दिसतात. काळ्या आयसीवर, म्हणजे चिपवर, खडूची पूड हलकेच घासून बोटाने पुसलीत, तर कोरलेल्या अक्षरांत पांढरं राहतं आणि नंबर फोटोत स्वच्छ येतो. आमच्या डोंबिवलीच्या वर्कशॉपमध्ये शिकायला येणाऱ्या प्रत्येक पोराला मी पहिली हीच गोष्ट दाखवते. ट्रान्सफॉर्मरचा नुसता फोटो पुरत नाही. त्याचे व्होल्ट आणि अँपिअर मेकॅनिककडून कागदावर लिहून घ्या, ‘२४-०-२४, ५ अँपिअर’ असं. तयार मिळाला नाही तर बांधून घ्यावा लागतो आणि त्याला वेळ लागतो. हेही फोनवरच कळलं पाहिजे, तिथे उभं राहून नव्हे.

तुमचे ट्रान्झिस्टर बहुधा २एन३०५५ असतील, जुन्या अ‍ॅम्प्लिफायरमध्ये तेच जास्त सापडतात. त्यांच्या नकला बाजारात खूप आहेत. दुकानदाराला सरळ सांगा, ‘ओरिजिनल द्या, नसेल तर नाही म्हणा.’ जुने दुकानदार खरं सांगतात. वडिलांची वस्तू आहे, चार पैसे जास्त गेले तरी तिथे काटकसर नको.

आता दिवसाची आखणी. सकाळी नाशिक रोडहून पंचवटी एक्सप्रेस पकडा आणि दादरला उतरा. तिथून चर्चगेटकडची लोकल, ग्रँट रोडला पूर्वेला बाहेर पडायचं. तुम्ही पोचाल तेव्हा दुकानं नुकती उघडलेली असतात. दीडच्या आत काम उरका, कारण जेवणाच्या वेळी शटर उघडं दिसलं तरी जाणकार माणूस आत डबा खात असतो आणि काउंटरवर नवखा मुलगा असतो. संध्याकाळच्या पंचवटीने परतायला भरपूर वेळ उरतो.

दिवाळीच्या आसपास बेत असेल तर आणखी एक लक्षात ठेवा. तिथले बरेच व्यापारी गुजराती, कच्छी आणि मारवाडी आहेत. लक्ष्मीपूजनाला वहीपूजन झालं, पाडव्याला मुहूर्ताचा सौदा झाला, की अनेक जण थेट लाभपंचमीला, म्हणजे कार्तिक शुद्ध पंचमीला, दुकान उघडतात. आपल्याला वाटतं भाऊबीज झाली, बाजार सुरू झाला असेल. त्या रस्त्यावर तसं नसतं. अनंत चतुर्दशीलाही तिकडे फिरकू नका, गिरगाव चौपाटीकडे जाणारे रस्ते विसर्जनासाठी बंद असतात. आणि मतदानाचा दिवस तर विसरूच नका. त्या दिवशी कामगारांना भरपगारी सुट्टी द्यावी लागते, त्यामुळे दुकानं बंद तरी असतात नाहीतर अर्धा दिवस.

टीव्ही वॉरंटीत आहे. कंपनीच्या सर्व्हिस सेंटरची वेळ वेबसाइटवर सकाळी १० ते संध्याकाळी ७ अशी आहे. ऑफिस सुटल्यावर रिक्षाने टीव्ही घेऊन सव्वासहाला पोचले, तर ‘आज घेणार नाही’ म्हणाले. असं करता येतं का त्यांना?
— एक वाचक, पुणे

तुमचा संताप मी समजू शकते. टीव्ही रिक्षात धरून बसणं काय असतं ते मला ठाऊक आहे. पण सर्व्हिस सेंटरची बाहेर लिहिलेली वेळ ही सेंटर बंद होण्याची वेळ असते, वस्तू जमा करून घेण्याची नव्हे. वस्तू घेतली की जॉब शीट करावी लागते: सिरियल नंबर, बिलाची तारीख, तक्रार, स्क्रीनवर आधीचा ओरखडा आहे का, सोबत रिमोट दिला का. नंतर वाद झालाच तर तोच कागद तुमच्या बाजूने उभा राहतो. तो घाईत केलेला तुम्हालाच परवडणार नाही. म्हणून बहुतेक ठिकाणी शेवटचा तासभर नवीन जॉब घेत नाहीत. माझी तक्रार एवढीच आहे की ही वेळ दारावर आणि वेबसाइटवर मोठ्या अक्षरात लिहिली पाहिजे. ग्राहकाला दारातून परत पाठवून ती कळता कामा नये.

पुढच्या वेळी फोनवर हे विचारा: ‘शेवटचा जॉब किती वाजता घेता? जेवणाची सुट्टी कधी? आज टीव्हीचा इंजिनिअर आहे का?’ आणि टीव्ही शक्यतो नेऊच नका. मोठ्या टीव्हीसाठी बहुतेक कंपन्यांचा माणूस घरी येतो. कस्टमर केअरवर तक्रार नोंदवून नंबर लिहून घ्या. वाटेत पॅनेलला धक्का लागून तडा गेला, तर तो वॉरंटीत धरत नाहीत.

आमच्याकडचं इलेक्ट्रॉनिक्सचं दुकान पूर्वी सोमवारी बंद असायचं, आता सातही दिवस चालू असतं. कायदा बदलला का?
— एक वाचक, मुंबई

हो. १९४८ च्या जुन्या दुकाने कायद्यात आठवड्यातून एक दिवस दुकान बंद ठेवावं लागे, आणि भागाभागाचा वार वेगळा असे. दादरला बरीच दुकानं सोमवारी बंद असतात, ती सवय तेव्हाचीच. २०१७ च्या नव्या कायद्याने वर्षभर, सातही दिवस दुकान चालवायची मुभा दिली. कामगाराला मात्र आठवड्यातून एक दिवस सुट्टी मिळालीच पाहिजे. त्यामुळे मोठ्या शोरूममध्ये सुट्टीच्या वारांची पाळी लावून माणसं बदलतात आणि दुकान चालू राहतं, तर दोघाचौघांच्या दुकानाला अजून जुना वारच सोयीचा पडतो. शोरूमलाही एक प्रश्न फोनवर विचारा: ‘फ्रिजचे नेहमीचे सेल्समन कोणत्या वारी सुट्टीवर असतात?’ तो वार टाळून गेलात तर भावात बोलायला आणि जुना फ्रिज एक्स्चेंजला द्यायला सोपं जाईल.