चेहरा धूसर केला तरी मूल ओळखू येते

आपण विचारले आहे की, कारखान्यात राबणाऱ्या एका अल्पवयीन मुलाची मुलाखत माहितीपटासाठी चित्रित झाली आहे आणि वडिलांनी संमतीपत्रावर सहीही केली आहे, तर आता संकलनात चेहरा धूसर केला की पुरे का. माझ्या मते पुरे नाही. चेहरा लपतो तो परक्या प्रेक्षकापासून. ज्यांच्याकडून त्या मुलाला खरा धोका आहे ते मालक आणि मुकादम त्याला आवाजावरून, अंगातल्या शर्टावरून, फार काय मागच्या भिंतीवरूनही ओळखतात. म्हणून ते दृश्यच वगळावे आणि मुलाचे शब्द दुसऱ्या कोणाच्या तरी आवाजात ध्वनिमुद्रित करावेत, कारण नुसती आवाजाची पट्टी बदलली तर ती पूर्ववत करता येण्याची शक्यता राहते. मोबाइलवरच्या चित्रणात ठिकाणाची नोंद असू शकते, तीही काढून टाकावी.

वडिलांच्या सहीबद्दल जरा सविस्तर लिहितो. घराने उचल घेतली असेल आणि ती मुलाच्या कामातून फिटत असेल, तर वडिलांना नकार देण्याची मोकळीक कितपत असते, याची मला शंका आहे. शिवाय मुलाच्या कमाईत त्यांचे स्वतःचे हितही गुंतलेले असते. संयुक्त राष्ट्रांच्या १९८९ च्या बालहक्क करारात मुलाचे मत ऐकून घेणे (कलम १२) आणि त्याचे खासगीपण जपणे (कलम १६) हे त्याचे स्वतःचे हक्क मानले आहेत. तेव्हा घरचे आणि मालक जवळ नसताना, पण त्याचा विश्वास असलेल्या एखाद्या व्यक्तीच्या उपस्थितीत, त्याला विचारावे. हे चित्रण कोण पाहील आणि एकदा इंटरनेटवर गेले की परत घेता येणार नाही, हे त्याला समजेल अशा शब्दांत सांगावे आणि संकलित भाग दाखवून पुन्हा विचारावे.

चेहरा नसेल तर परिणाम उणावेल, असा आक्षेप नेहमी घेतला जातो आणि त्यासाठी लुईस हाइनचा दाखला दिला जातो. १९०८ पासून त्याने अमेरिकेतल्या बालकामगारांची छायाचित्रे काढली, त्यांखाली अनेकदा नाव, वय, ठिकाण नोंदवले, आणि त्या काळी तोच पुरावा होता. आज मात्र तीच नोंद मुलाला शोधून काढण्याचे साधन ठरते. आपल्याला पुरावाच हवा असेल, तर हजेरीपट, उचलीच्या नोंदी आणि तयार माल विकत घेणाऱ्या कंपनीची कागदपत्रे अधिक बोलकी असतात, शिवाय त्यांतून या श्रमावर नफा कमावणारा माणूस पडद्यावर येतो, जो अशा माहितीपटांत बहुधा दिसतच नाही.

मुलाने नकार दिल्यास त्याचा भाग काढला जाईल, अशी अट निर्मात्याशी होणाऱ्या करारात आत्ताच घालून घ्यावी. प्रदर्शनाची तारीख ठरल्यावर ती मान्य करून घेणे फार कठीण जाते.