वाचक विचारतात : खरी चाळ असताना सेट कशाला?

प्रश्न : आमची गिरगावातली चाळ अजून उभी आहे. तरी सिनेमावाले गोरेगावच्या चित्रनगरीत लाखो रुपये ओतून खोटी चाळ का बांधतात? आणि प्रॉडक्शन डिझायनर नेमकं करतो काय? – एक वाचक, गिरगाव

उत्तर : काका, तुमची खोली फार तर १० बाय १२ची असेल. त्यात पलंग, कपाट आणि दोन नट आले की कॅमेऱ्याला मागे सरकायला जागाच उरत नाही. सेटवर हवी ती भिंत काढता येते, शॉट झाला की परत लावता येते. शेजारचा कुकरही मध्येच शिट्टी देत नाही.

पण प्रॉडक्शन डिझायनर म्हणून माझं काम सेट बांधायच्या फार आधी सुरू होतं. पटकथा हातात आली की मी पहिल्यांदा विचारते : साल कोणतं, आणि या खोलीत राहतं कोण? समजा, १९७१ सालातलं लालबागच्या गिरणी कामगाराचं घर आहे. मग भिंतीवर ‘कालनिर्णय’ चालणार नाही, ते १९७३ पासूनचं. टीव्ही नाही, मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. टेबलावरच्या पोस्टकार्डावर पत्ता ‘मुंबई १२’ एवढाच, कारण सहा आकडी पिनकोडही १९७२चा. राहिला ट्रान्झिस्टर. तो कुठे ठेवायचा, यावरून आमच्या आर्टच्या मुलांशी माझे कडाक्याचे वाद होतात. नवरा रात्रपाळी करून दिवसा झोपत असेल, तर बायको ट्रान्झिस्टर स्टोव्हशेजारी नेऊन बारीक आवाजात ऐकणार. तो तिथे असला की नटीचा हात आपसूक तिकडे जातो, दिग्दर्शकाला सांगावं लागत नाही.

त्यानंतर एजिंग, म्हणजे नवा सेट जुना, वापरलेला दिसेल असा करणं, माझं सगळ्यात आवडतं काम. कोऱ्या प्लायवर निळा डिस्टेंपर, त्यावर काजळी, आणि भिंतीला टेकून बसणाऱ्यांच्या डोक्याचे खोबरेल तेलाचे डाग. चाळीत माणसं जमिनीवर बसतात, त्यामुळे डाग त्याच उंचीवर हवेत. वीतभर वर गेले तर ज्यांनी चाळीत दिवस काढलेत त्यांना भिंत लगेच खोटी वाटते. दारं-खिडक्या मात्र शक्यतो जुन्याच आणते, पाडकामातून नाहीतर चोरबाजारातून.

तुमच्याकडे चाळीतल्या बारशा-लग्नांचे फोटो असतील तर फेकू नका. आम्हाला त्यातल्या माणसांच्या मागची भिंत बघायची असते.