सरडा, सात भाऊ आणि द्राक्षबाग

‘मी खरा कोण आहे, तेच मला कळेनासे झाले आहे,’ हे वाक्य मी समुपदेशन करताना समोरच्या खुर्चीतून वारंवार ऐकते. बोलणारे बहुधा पंचविशी-तिशीतले, गाव सोडून शहरात आलेले असतात आणि आपण कधीतरी उघडे पडू या धास्तीने त्यांची झोप उडालेली असते. त्यांपैकी एकाची हकिकत ओळखीच्या खुणा बदलून सांगते.

मराठवाड्यातून पुण्यात नोकरीला आलेल्या या तरुणाने मित्रांना सांगितले होते की वडिलांची नाशिककडे द्राक्षबाग आहे. प्रत्यक्षात वडील बाजार समितीत हमाल होते, आणि आता मित्रांना बाग पाहायची होती.

‘मॅडम, मी सरडा आहे. माणूस बदलला की माझा रंग बदलतो.’

मला ‘रँगो’ आठवला आणि त्याची गोष्ट मी त्याला सांगितली. गोर व्हर्बिन्स्की यांच्या २०११ च्या या ॲनिमेटेड वेस्टर्न चित्रपटाचा नायक एक पाळीव घोयरा सरडा आहे. काचेच्या पेटीत बिनमुंडक्याची बाहुली आणि चावीचा मासा यांना घेऊन तो एकटाच नाटके करतो. मोहावीच्या वाळवंटात फेकला गेल्यावर पाण्याविना सुकणाऱ्या एका गावात त्याला विचारले जाते, तू कोण? बाटलीवरच्या ‘दुरांगो’तून तो नाव उचलतो आणि एका गोळीत सात भाऊ मारल्याची थाप ठोकतो. गाव त्याला शेरीफ, म्हणजे कायदा राखणारा अधिकारी, करते.

‘पकडला जातो?’ तरुणाने विचारले.

‘साऱ्या गावासमोर. मग निघून जातो आणि परत येतो.’

‘स्वतःचा शोध लागल्यावर?’

‘गावाचे पाणी नेमके कुठे मुरते आहे हे कळल्यावर, ते परत आणायला.’

माझा कल इथे स्पष्ट आहे. खरा ‘मी’ आत कुठेतरी पुरलेला असतो आणि खणला की सापडतो, असे मला वाटत नाही. आपण कोणाच्या उपयोगी पडतो, कोणाला बांधील राहतो, त्यातून तो घडत जातो. म्हणून ‘आत डोकावा’ असे न सांगता मी त्याला वडिलांच्या कामाबद्दल विचारत राहिले. दोन भेटी त्याने विषय टाळला. तिसऱ्या भेटीत तो अचानक बोलू लागला.

‘पोतं नुसतं पाठीवर घेतलं की बापू वजन सांगतेत, काटा मागनं लागतो. किलोभराचाबी फरक येत न्हाई.’

बोलताना त्याचे पंजे पोत्याचे कान धरल्यासारखे वळले होते. त्याची बोली माझ्या खोलीत प्रथमच आली होती. ‘आत्ता तुम्ही रंग बदललात,’ मी म्हणाले. तो हसला, आणि मग बराच वेळ रडला. घोयरा रंग बदलतो तो केवळ लपण्यासाठी नव्हे; राग, माघार, मादीला घातलेली साद हे सारे तो रंगातूनच सांगतो. ही गोष्ट त्या क्षणी सुचली, याचे मला आजही थोडे समाधान वाटते.

ज्यांना हीच चिंता आहे, त्यांनी दोन गोष्टी वेगळ्या कराव्यात. कार्यालयात एक भाषा आणि घरी दुसरी बोलणे हे ढोंग नव्हे. जिथे आपल्या शब्दावर विसंबून दुसरा काही ठरवतो आहे, तेवढेच खोटे आधी दुरुस्त करावे, आणि तेही साऱ्यांसमोर कबुलीजबाब देऊन नव्हे, तर एका विश्वासाच्या माणसापासून सुरुवात करून. त्यानेही तसेच केले. चार मित्रांपैकी दोघांना त्याने खरे सांगितले आहे आणि तुरीची आवक सुरू झाली की त्यांना तो बाजार समितीत नेणार आहे. उरलेल्या दोघांचे अजून ठरलेले नाही.