एल्विन म्हणजे नक्की कोणाचा मित्र?

*वाचकांचे प्रश्न : नावे आणि त्यांचे अर्थ*

प्रश्न : नातवाचं नाव मुलीने आणि जावयांनी ‘एल्विन’ ठरवलं आहे. जावई ईस्ट इंडियन (मुंबई-ठाण्याकडचे मराठी ख्रिस्ती), आम्ही हिंदू. चर्चमध्ये बाप्तिस्मा होईल आणि आमच्याकडे बारसंही. मोबाइलवर अर्थ शोधला तर एका ठिकाणी ‘परीचा मित्र’, दुसरीकडे ‘जुना मित्र’, तिसरीकडे ‘गोऱ्या कपाळाचा’. बारशाला आलेल्या बायका अर्थ विचारणारच. काय सांगू? — एक आजी, चरई, ठाणे

उत्तर : आजी, तुम्हाला सापडलेला प्रत्येक अर्थ कुठल्या ना कुठल्या नावाचा आहे, पण ते सगळे एकाच नावाचे नाहीत. आज ऐकायला सारखी वाटणारी चार-पाच निरनिराळी जुनी नावं या याद्यांमध्ये एकाच ओळीत कोंबलेली असतात. ती सुटी केली की गोंधळ मिटतो.

शेवटाकडून सुरुवात करू, कारण तो भाग पक्का आहे. ‘-विन’ हा जुन्या इंग्रजीतला ‘विने’ हा शब्द. लिहिताना तो दारूच्या ‘वाइन’सारखा दिसतो, पण उच्चार ‘वि-ने’ असा दोन अक्षरी आणि अर्थ मित्र, जिवलग. कवितेत तर प्रजेचा पाठीराखा असलेल्या राजालाही ‘विने’ म्हणत. हा शब्द आपल्याला परका नाही. संस्कृतात ‘वन्’ धातू आहे, अर्थ आवडणे, हवंसं वाटणे. ऋग्वेदातला ‘वनस्’ त्यातलाच, आणि लॅटिन ‘व्हीनस’ही याच कुळातली. बारशाला हे आवर्जून सांगा, दोन्ही घरांना आपलं वाटेल.

गुंता आहे तो पहिल्या भागात. नॉर्मन लोकांनी 1066 साली इंग्लंड जिंकण्यापूर्वी तिथे ही चार वेगळी नावं होती :

‘अ‍ॅल्फविने’, म्हणजे ‘अ‍ॅल्फ’चा (आजच्या इंग्रजीत एल्फचा) मित्र. ‘अ‍ॅथेलविने’, म्हणजे कुलीन मित्र. ‘एआल्डविने’, म्हणजे जुना मित्र, ज्यातून पुढे आल्डविन झालं. आणि ‘एआल्हविने’, म्हणजे देवस्थानाचा मित्र. हे चौथं नाव आज कोणी ठेवत नाही, पण त्याचा एक धारक जगप्रसिद्ध आहे : यॉर्कचा विद्वान अल्क्विन. शार्लमेन राजाच्या दरबारात त्याने शिक्षणाची घडी बसवली, मृत्यू 804 साली. ‘अल्क्विन’ हे ‘एआल्हविने’चंच लॅटिन वळण.

नॉर्मन कारकुनांना जुन्या इंग्रजीतले हे स्वर आणि मधले ‘फ’, ‘थ’, ‘ह’ वेगळे ठेवणं जमलं नाही, आणि बोलण्यातही ते झिजत गेले. 1086 च्या डूम्सडे बुकात, म्हणजे विल्यम राजाने करून घेतलेल्या जमीनमहसुलाच्या पाहणीत, ‘आल्विनुस’ हे नाव पुन्हा पुन्हा येतं. मूळ नाव अ‍ॅल्फविने की अ‍ॅथेलविने, हे नुसत्या त्या लेखनावरून ओळखता येत नाही. पुढच्या दोन-तीन पिढ्यांत लोकांनी विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड, हेन्री ही नावं उचलली आणि जुनी मागे पडली. उरली ती आडनावांत : एल्विन, आल्विन, एल्व्हिन, एल्विन. (शेवटचं आणि पहिलं देवनागरीत सारखंच दिसतं, इंग्रजीत एकात आय आणि दुसऱ्यात वाय आहे. त्याचा त्रास कुठे होतो ते पुढच्या उत्तरात.) आडनावावरून पुन्हा पहिलं नाव ठेवायची पद्धत खूप नंतरची.

भारतातल्या अभ्यासकांना एल्विन हे आडनाव वेरियर एल्विन यांच्यामुळे माहीत आहे. 1902 साली डोव्हरला जन्म, 1927 मध्ये पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघात आले, पुढचं आयुष्य मध्य भारत आणि ईशान्येकडच्या आदिवासींच्या अभ्यासात घालवलं आणि भारताचं नागरिकत्व घेतलं. 1961 मध्ये पद्मभूषण मिळालं.

आता तुमच्या नातवाच्या नावाचा अर्थ कोणता धरायचा? इंग्रजी स्पेलिंग ई-एल-डब्ल्यू-आय-एन असेल तर ‘अ‍ॅल्फविने’ धरा. नामकोशही हाच अर्थ आधी देतात. फक्त त्याचं भाषांतर ‘परीचा मित्र’ करू नका. पंखांची, बोटाएवढी चिमुकली परी ही फार नंतरची कल्पना. जुन्या इंग्लंडातले अ‍ॅल्फ माणसासारखे, देखणे, बलवान, आणि जपून राहावं असे होते. त्यांच्यामुळे आजार होतो असं मानत, आणि वैद्यकाच्या जुन्या पोथ्यांत त्यावर औषधंही आहेत. दुसऱ्या बाजूला सौंदर्याची परमावधी सांगायची तर शब्द होता ‘अ‍ॅल्फशीने’, अ‍ॅल्फसारखी तेजस्वी. जुन्या कवींनी तो बायबलमधल्या सारा आणि ज्युडिथ यांच्यासाठी वापरला आहे. देखणेपण आणि धाक एकत्र असलेला आपल्याकडचा शब्द म्हणजे यक्ष. तेव्हा ‘यक्षमित्र’ म्हणा. अर्थाच्या अगदी जवळ जाणारं आणि बारशाला शोभणारं. राजा आल्फ्रेड सगळ्यांना ठाऊक असतो. त्याच्या नावाचा पहिला अर्धा भागही हाच : अ‍ॅल्फ + रॅड, म्हणजे अ‍ॅल्फचा सल्ला.

‘गोऱ्या कपाळाचा’ हा अर्थ मात्र इंग्रजी नावाचा नाहीच. तो वाय घालून लिहिलेल्या वेल्श नावासाठी देतात. वेल्श भाषेत ‘ग्विन’ म्हणजे पांढरा, शुभ्र, धन्य. नावाच्या शेवटी आला की त्यातला ‘ग’ गळतो आणि ‘विन’ उरतो. उच्चार जुळला, कूळ वेगळं. म्हणून जिथे ‘गोरं कपाळ’ आणि ‘परीचा मित्र’ एकाच नावापुढे स्वल्पविराम देऊन लिहिलेत, ती यादी बाजूला ठेवा.

आणखी एक. ‘अ‍ॅल्फचा मित्र’ असं वाक्य मनात जुळवूनच आईबाप नाव ठेवत, असं समजू नये. अँग्लो-सॅक्सन, म्हणजे नॉर्मनांपूर्वीच्या इंग्रज घरात नावाचे दोन तुकडे बहुधा घरातल्यांच्या नावांतून यायचे. वूस्टरचे बिशप संत वुल्फस्टन (मृत्यू 1095) यांचे वडील अ‍ॅथेलस्टन, आई वुल्फगिफू. आईकडून ‘वुल्फ’, वडिलांकडून ‘स्टन’. शब्दशः अर्थ काढला तर ‘लांडगा-दगड’, पण खरा अर्थ ‘या दोघांचा मुलगा’. आई-वडिलांच्या नावांतली अक्षरं जुळवून बाळाचं नाव करणारे आपल्याकडचे तरुण आईबाप हेच करतात.

प्रश्न : आम्ही मुलाचं नाव एल्विन सांगितलं. रुग्णालयाच्या कागदावर ‘एल्वीन’ आलं, बाप्तिस्म्याच्या दाखल्यावर ‘आल्विन’, इंग्रजीत एकीकडे डब्ल्यू आणि दुसरीकडे व्ही. बरोबर कोणतं, आणि आता काय करावं? — एक वाचक, ऐरोली

उत्तर : देवनागरीत डब्ल्यू आणि व्ही दोन्हींना एकच ‘व’. त्यामुळे मराठीतून इंग्रजीत जाताना लिहिणारा आपल्या सवयीचं अक्षर घालतो. दीर्घ ‘वी’ येतो तो आपल्या शुद्धलेखनामुळे. मराठी शब्द अकारान्त असेल तर शेवटून दुसरा इकार दीर्घ लिहायचा, जसं जमीन, वकील. तो नियम हातात बसलेला कारकून ‘एल्वीन’ लिहिणारच. इंग्रजी उच्चारात मात्र तो ऱ्हस्व आहे. ल अर्धा, वि ऱ्हस्व, ‘एल्विन’, हेच नीट. स्पेलिंगमध्ये वाय असेल तर संगणकाचं आपोआप लिप्यंतर हमखास बिघडतं, ‘एल्व्य्न’ असलं काहीतरी छापून येतं. आणि ए-एल ने सुरू होणारं स्पेलिंग घेतलंत तर देवनागरीत ‘अ‍ॅल्विन’, ‘आल्विन’, ‘ऑल्विन’ अशी तीन रूपं फिरत राहतील. शिवाय ‘अ‍ॅ’ काही फॉन्टमध्ये तुटून छापला जातो. ज्यांना अजून निवड करायची आहे त्यांनी ई आणि डब्ल्यू असलेलं स्पेलिंग घ्यावं, त्रास सर्वांत कमी.

तुमच्या कागदांपैकी मुख्य धरायचा तो जन्मदाखला. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांच्या बाबतीत शाळाप्रवेश, वाहन परवाना, मतदार यादी, विवाहनोंदणी या सगळ्यांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून तोच चालतो. त्यामुळे बाकीचे कागद त्याच्याशी जुळवायचे, त्याला त्यांच्याशी नाही.

रुग्णालयात जन्म झाला की माहिती 21 दिवसांच्या आत निबंधकाकडे पाठवायची जबाबदारी रुग्णालयाची. त्या वेळी नाव ठरलेलं नसेल तर रकाना कोरा ठेवा. घाईने काहीतरी लिहून देऊ नका. नोंदणीपासून 12 महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क चढवता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून नोंदणीपासून 15 वर्षांपर्यंत. कोरा रकाना भरणं सोपं, भरलेला बदलणं अवघड, कारण मूळ नोंद खोडत नाहीत. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 15 नुसार समासात दुरुस्ती लिहून निबंधक सही आणि तारीख घालतो, आणि त्यासाठी चूक झाल्याचा पुरावा मागतो.

नोंद होते ती जन्म जिथे झाला तिथे, तुम्ही राहता तिथे नाही. ऐरोलीच्या कुटुंबातलं बाळ ठाण्यातल्या रुग्णालयात जन्मलं तर नोंद ठाणे महापालिकेकडे. नवी मुंबईच्या कार्यालयात खेटे घालण्याआधी एवढं बघा. जाताना कोऱ्या कागदावर नाव देवनागरीत आणि इंग्रजीच्या मोठ्या अक्षरांत स्वतः लिहून न्या. तोंडी सांगू नका. दाखला हातात पडला की तिथेच खिडकीसमोर दोन्ही लिप्यांतलं नाव अक्षर-अक्षर वाचा.

तुमच्या दाखल्यावर इंग्रजी बरोबर आणि मराठीत फक्त ‘वी’ दीर्घ असेल, तर आमचं स्पष्ट मत, आहे ते राहू द्या आणि शाळेत, आधारवर, सगळीकडे ‘एल्वीन’च लिहा. एकसारखं असणं हे शुद्ध असण्यापेक्षा कामाला येतं. डब्ल्यूच्या जागी व्ही पडला असेल तर मात्र आत्ताच दुरुस्त करून घ्या, पारपत्राच्या वेळी तो नडतो. बाप्तिस्म्याच्या नोंदवहीतल्या फरकाबद्दल जन्मदाखल्याची प्रत घेऊन धर्मगुरूंना भेटा.

प्रश्न : थोरला मेल्विन आहे. धाकटा एल्विन ठेवला तर अर्थानेही जोडी जुळेल का? — कोपरखैरणे

उत्तर : कानाला जुळेल, अर्थाने नाही. मेल्विन हे स्कॉटलंडमधलं आडनाव, मेल्विलचं भावंड, मूळ नॉर्मंडीतल्या गावाच्या नावात. केल्विन ही ग्लासगोतली नदी. शास्त्रज्ञ लॉर्ड केल्विन यांनी 1892 मध्ये उपाधी घेताना तिचं नाव घेतलं आणि नाव जगभर गेलं. कॅल्विन हे फ्रेंच आडनाव, लॅटिन ‘काल्वुस’ म्हणजे टकला. ‘मित्र’ अर्थाची सख्खी भावंडं हवी असतील तर एडविन (समृद्धीचा मित्र), गॉडविन (देवाचा मित्र) आणि, अनेकांना आश्चर्य वाटेल, डार्विन : ‘डेओरविने’, प्रिय मित्र.

प्रश्न : एल्विन नावाचा संत आहे का? सासूबाई म्हणतात, संताचं नाव नसेल तर बाप्तिस्मा होत नाही. — ठाणे

उत्तर : सासूबाईंचं म्हणणं जुन्या नियमाला धरून आहे. 1917 च्या कॅथलिक धर्मसंहितेत मुलाला ख्रिस्ती नाव मिळेल हे धर्मगुरूंनी पाहावं, आणि आईबाप ऐकत नसतील तर एखाद्या संताचं नाव जोडून द्यावं, असं होतं. 1983 च्या संहितेतलं कलम 855 एवढंच म्हणतं की ख्रिस्ती भावनेला परकं नाव देऊ नये. एल्विन त्यात सहज बसतं.

संतही आहेत. इंग्लंडातल्या कॉर्नवॉलमध्ये हेल गावात संत एल्विन यांच्या नावाचं चर्च आहे. ते वायवाले एल्विन. आणि सातव्या शतकात इंग्लंडातल्या लिंडसीचे बिशप अ‍ॅथेलविने होऊन गेले, त्यांचा सण 3 मे. नातवाला सण हवा असेल तर ही तारीख धरा.

सासूबाईंच्या समाधानासाठी दुसरं नाव जोडायचं असेल तर दूर जायला नको. 1321 साली ठाण्यात चार फ्रान्सिस्कन (संत फ्रान्सिस यांच्या पंथातले संन्यासी) मारले गेले : थॉमस, जेम्स, पीटर आणि देमेत्रियस. त्यांचे देह सोपाऱ्याला नेऊन पुरले. या चारांतलं कोणतंही नाव एल्विनच्या मागे नीट उभं राहतं. आमची पसंती ‘एल्विन थॉमस’, कारण दोन्हींचं देवनागरी लेखन ठरलेलं आहे आणि कारकुनाला चुकायला जागा कमी.