शांता आपटे मागे पडल्या त्या प्लेबॅकमुळे का?

तुम्ही विचारलंय की बोलपटांच्या सुरुवातीला गाणाऱ्या नट्यांना एवढा भाव होता, मग शांता आपटेंसारखी बाई दहा-बारा वर्षांत बाजूला कशी पडली, आणि दोष प्लेबॅकचाच (म्हणजे आधी मुद्रित केलेल्या गाण्यावर पडद्यावर ओठ हलवायच्या पद्धतीचा) ना? शिवाय त्यांचं काम बघायचं तर सुरुवात कुठून करावी, हेही.

मी अमळनेरचा. जुन्या तबकड्या जमवायचा नाद आहे, अभ्यासक वगैरे नाही. पण माझं मत विचाराल तर प्लेबॅक हे धाकटं कारण. थोरलं कारण म्हणजे पगार आणि करार.

आधी गाण्याचं बघू. 1931 ला 'आलम आरा' हा आपल्याकडचा पहिला बोलपट आला तेव्हा गाणं आणि चित्रण एकाच दमात व्हायचं. माइक चौकटीबाहेर लपवायचा, पेटी-तबलेवाले कॅमेऱ्यामागे नाहीतर झाडाआड बसवायचे आणि नटीने तिथेच गायचं. सूर हलला की सगळं पहिल्यापासून. त्यामुळे गाणाऱ्या बाया जागच्या हलतच नसत, माइकला धरून उभ्या. वर नाटकातली बैठकीसारखी गायची सवय. दिसायला बरी पण गळा नाही, अशा मुलीला तेव्हा अवघडच होतं.

शांताबाई सोलापूरकडच्या दुधनीच्या. भालजी पेंढारकरांच्या 'श्यामसुंदर'मधून (1932) त्या पडद्यावर आल्या आणि 1934 च्या 'अमृतमंथन'ने पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीच्या झाल्या. तिथे संगीतकार केशवराव भोळे भेटले, आणि ही बाई गाताना हात, मान, डोळे सगळं वापरायला लागली. आज यात विशेष काय वाटेल, पण तेव्हाच्या दोन-चार फिल्मा लागोपाठ बघा, फरक लगेच कळतो. माझ्या आजीने यात्रेतल्या तंबूत 'गोपालकृष्ण' (1938) पाहिला होता, बायका एका अंगाला, पुरुष एका अंगाला. त्यातली राधा म्हणजे शांताबाई. कथा आजी कधीच विसरली होती, पण एक सांगायची, "ती बाई डोयाघाई गास," म्हणजे डोळ्यांनी गाते. समीक्षकांनी पानंच्या पानं लिहून जे सांगितलं ते एवढंच.

'कुंकू' (1937) मात्र वेगळंच प्रकरण. म्हाताऱ्या बिजवराशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा, आणि ती त्याला नवरा मानायला साफ नकार देते. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून शांतारामबापूंनी (व्ही. शांताराम) केलेला हा बोलपट. यात पार्श्वसंगीतच नाही. प्रसंगात जे वाजतं, तेवढंच ऐकू येतं. घरातलं जुनं घड्याळ टिकटिकतं, ते नवऱ्याच्या वयासारखं डोक्यात बसतं. अशा मोकळ्या शांततेत गायचं म्हणजे आधाराला काही नाही, कच्चा सूर झाकायला जागाच नाही. त्यात शांताबाईंना एक इंग्रजी कविताही गायला दिली, लाँगफेलोची 'अ साम ऑफ लाइफ'. 1937 साली, नऊवारीतल्या बाईला! उच्चारांना आज कुणी हसेल, हसू दे. पण ती ज्या रगीने गाते ती रग त्या भूमिकेचीच आहे.

आता प्लेबॅक. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने ते 1935 मध्ये आणलं. पण सुरुवातीला त्याने गाणाऱ्या नट्यांची सोयच झाली: गाणं आधी मुद्रित करा, मग मोकळेपणाने अभिनय करा. आवाज एकीचा, तोंड दुसरीचं, ही पद्धत बसायला पुढे बरीच वर्षं गेली.

शांताबाईंचं बिनसलं त्याआधीच. स्टुडिओत तेव्हा नट म्हणजे महिन्याच्या पगारावरचा माणूस. करार संपेपर्यंत बाहेर काम नाही, सिनेमा कितीही चालो. 1939 मध्ये त्यांचं प्रभातशी वाजलं आणि त्या थेट स्टुडिओच्या फाटकात उपोषणाला बसल्या. पुण्यात आज एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था आहे, तेच ते आवार. देशातली एक आघाडीची नटी कंपनीच्या दारात उपाशी बसलीय! वर्षभरात त्यांनी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक काढलं आणि या धंद्यातली पिळवणूक स्वतःच्या नावाने छापून मोकळ्या झाल्या. त्या काळच्या दुसऱ्या मोठ्या नटी दुर्गाबाई खोट्यांनी आधीपासूनच एका कंपनीला बांधून न घेता कामं केली होती, पण त्यांच्या पाठीशी मुंबईचं सधन माहेर होतं. ज्यांना तसा आधार नव्हता, त्यांना मालकाशी भांडण परवडत नव्हतं. शांताबाई तरी भांडल्या.

प्रभात सुटल्यावर त्या स्वस्थ बसल्या असंही नाही. तमिळ शिकून 1941 च्या 'सावित्री'त नायिका झाल्या, आणि त्यात नारद कोण, तर कर्नाटक संगीतातल्या थोर गायिका एम. एस. सुब्बुलक्ष्मी! मग लाहोरला निर्माते पांचोलींच्या 'जमीनदार'मध्ये. पण आता प्रत्येक ठिकाणी दिग्दर्शक नवा, संगीतकार नवा. भोळे किंवा मास्टर कृष्णराव यांच्यासारखं एका गळ्यावर वर्षानुवर्षं काम करणारं माणूस पाठीशी नाही. माझ्या मते खरं नुकसान हे. 1946 च्या 'सुभद्रा'त शांताबाई नायिका आणि छोट्या कामात कोवळी लता मंगेशकर. आम्हा खानदेशवाल्यांना लताबाईंचं जरा जास्तच, तापीकाठचं थाळनेर हे त्यांचं आजोळ ना. पुढच्या चार-पाच वर्षांत जमाना कोणाचा झाला ते सांगायला नको. तेव्हा प्लेबॅकने शेवटचा धक्का दिला असं म्हणा, हरकत नाही. 1964 मध्ये शांताबाई गेल्या, पन्नाशीही गाठली नव्हती.

सुरुवात 'कुंकू'पासून करा. 'दुनिया न माने' ही त्याचीच हिंदी आवृत्ती, पण पहिल्यांदा मराठीच बघा. आणि गाणी नुसती तबकडीवरून ऐकून मत बनवू नका. एका बाजूला जेमतेम तीन मिनिटं मावायची, त्यामुळे गाणं कापून-छाटून बसवलेलं असतं, आणि लाखेच्या तबकडीवर पिन इतकी घासलेली असते की आवाज चुलीवर काही तळत असल्यासारखा येतो. ही बाई ऐकण्याइतकीच बघण्याची आहे.