रावेरकडे आंब्याच्या खोडावर काळ्या रेघांचे पांढरट चट्टे आलेत, झाड वाळेल का?

नाही, या चट्ट्यांनी आंबा वाळत नाही, त्यामुळे फवारणीवर पैसे घालवू नका. पांढुरक्या पापुद्र्यावर पेनाने गिरवल्यासारख्या काळ्या, वेड्यावाकड्या रेघा असतील तर ते बहुधा ग्राफिस प्रकारचं शैवाक आहे. मसाल्यातलं दगडफूलही शैवाकच, फक्त हे सालीला घट्ट चिकटून वाढतं. शैवाक म्हणजे बुरशी आणि शैवाल यांची जोडी. शैवाल उजेडात अन्न तयार करतं, पाणी पावसातून-दवातून मिळतं. झाडाचा रस ओढणारी मुळं त्याला नसतातच. काळ्या रेघांत बुरशीचे बीजाणू तयार होतात. खात्री करायची तर नखाने पापुद्रा हलकेच खरवडा, खाली हिरवट किंवा पिवळसर-नारिंगी थर दिसेल. विळ्याने मात्र तासू नका; साल सोलली की त्या जखमेतूनच रोग आत शिरतो.

फक्त फांदीच्या बेचक्यात गुलाबीसर बुरशी दिसून पुढची फांदी वाळत असेल, तर तो वेगळा रोग. अशी फांदी निरोगी भागापर्यंत छाटा आणि कापावर बोर्डो पेस्ट लावा: १ किलो मोरचूद, १ किलो चुना, १० लिटर पाणी.