कुलाब्याच्या अफगाण चर्चशी ज्यांचे नाव जोडले जाते, ते विल्यम बटरफिल्ड कोण होते?

विल्यम बटरफिल्ड (१८१४–१९००) हे लंडनमध्ये जन्मलेले, व्हिक्टोरियन गॉथिक शैलीतील अत्यंत स्वतंत्र प्रतिभेचे चर्च-वास्तुविशारद होते. कुलाब्याचे चर्च मूळ हेन्री कॉनिबेअर यांच्या आराखड्यानुसार उभे राहिले. बटरफिल्ड यांच्याकडे आतील फरशा, पडदी आणि वेदीमागील सजावट यांची रचना होती.

त्यांचे श्रेष्ठ काम मात्र लंडनमधील मार्गारेट स्ट्रीटवरचे ऑल सेंट्स चर्च (१८५०–५९) होय, असे माझे ठाम मत आहे. चिंचोळ्या अंगणाआड, दाटीवाटीच्या जागेत उभ्या असलेल्या या वास्तूसाठी, प्रतिष्ठित चर्च म्हणजे दगडीच असे मानले जाण्याच्या त्या काळात, त्यांनी लाल वीट निवडली आणि तिच्यात काळ्या विटांचे आडवे पट्टे व नागमोडी नक्ष्या गुंफल्या. हे रंग वरून फासलेले नसून भिंतीच्या बांधणीतच आहेत, म्हणून ते आजही टिकून आहेत. आत ग्रॅनाइट, संगमरवर आणि रंगीत फरशा यांची दाटी पाहून अनेकांना ती भडक वाटली, पण याच चर्चने इंग्लंडमधील बहुरंगी वीटकामाला दिशा दिली.

पुढे ऑक्सफर्डच्या कीबल कॉलेजात त्यांनी हीच पद्धत मोठ्या प्रमाणावर वापरली. मेलबर्नच्या सेंट पॉल्स कॅथेड्रलचा आराखडाही त्यांचाच. परंतु ते तेथे कधीच गेले नाहीत, आणि मतभेदांमुळे १८८४ मध्ये त्यांनी ते काम सोडले. त्याच वर्षी त्यांना ब्रिटिश वास्तुविशारदांच्या रॉयल इन्स्टिट्यूटचे सुवर्णपदक मिळाले.